पाटी नसलेलं दुकान आणि कव्हर नसलेलं पुस्तक

सोलापुरात नवी पेठेच्या मागं जो बोळ आहे तिथं टेलरच्या दुकानाशेजारून दोन पायऱ्या खाली उतरलं की हे जुन्या पुस्तकांचं दुकान लागतं. पाटी नाही. शटरला टेकवून दहावी-बारावीची जुनी गाईडं रचलेली असतात, तीच खूण. मी इथं तीन वर्षं जातेय, आधी पोराच्या शाळेच्या पुस्तकांसाठी जायचे आणि आता माझ्यासाठी जाते, आणि खूप दिवस मनात होतं की ह्या दुकानाबद्दल आणि तिथं मिळालेल्या एका पुस्तकाबद्दल नीट लिहायचं, कारण त्या एका पुस्तकानं आमच्या घरच्या रात्रीच बदलून टाकल्या.

आधी दुकानाचं सांगते. आत जेमतेम चार माणसं उभी राहतील एवढी जागा, तीन भिंतींना छतापर्यंत रॅक, मधे एक लोखंडी स्टूल. दुकानदार काका साठीच्या पुढचे असतील, गिऱ्हाईक बघून मराठी, कन्नड, तेलुगू तिन्ही बोलतात. रद्दीवाल्यांकडून किलोवर माल उचलतात, स्वतः निवडतात, फाटकी पुस्तकं स्वतः शिवतात. मी पहिल्यांदा एक पुस्तक हातात घेऊन उभी होते तेव्हा म्हणाले, "बसा की ओ ताई, दोन-चार पानं वाचून बघा, आवडलं तरच घ्या." हे वाक्य मला आजवर सोलापुरात दुसऱ्या कुठल्या दुकानात ऐकायला मिळालेलं नाही. दुसरं म्हणजे वाचून झालेलं पुस्तक चांगल्या अवस्थेत परत नेलं की अर्धे पैसे परत मिळतात, त्यामुळे एका अर्थानं ही लायब्ररीच झाली, फक्त डिपॉझिट आणि फॉर्म नाही.

आता ते पुस्तक. मागच्या दिवाळीनंतर काकांकडं कुठल्यातरी बंगल्यातली रद्दी आली होती, त्यात हे निघालं. कव्हर नाही, पहिली आठ-दहा पानं नाहीत, त्यामुळे पुस्तकाचं नाव काय आणि कुणी लिहिलं ते मी सांगू शकत नाही. साधारण चारशे पानं, इंग्लंडच्या खेड्यापाड्यातल्या लोककथा, आणि सगळ्या जिल्ह्यांप्रमाणे लावलेल्या, त्यांच्याकडं काउंटी म्हणतात त्याप्रमाणे. प्रत्येक काउंटीच्या सुरुवातीला हातानं काढलेला नकाशा, त्यात टेकडी, डोह, विहीर, उभा दगड, चर्च, सगळं दाखवलेलं आणि कुठली गोष्ट कुठल्या जागेची ते आकड्यानं लिहिलेलं. काकांनी त्याला नवीन पुठ्ठा घातलाय आणि पुठ्ठ्यावर चक्क सोलापुरी चादरीचा तुकडा चिकटवलाय, मरून रंगावर पांढरी फुलं. ते फुलांचं कापड पाठीपाशी घडी पडून जरा जाड झालंय, पुस्तक उघडलं की तिथं बोट आपोआप जातं. किंमत १८० रुपये. मी घासाघीस केली नाही.

खरं सांगायचं तर इंग्लंडच्या गोष्टी म्हटल्या की माझ्या डोक्यात राजकन्या, किल्ला, बेडकाचा राजपुत्र असलं काहीतरी होतं, आणि त्यातलं बरंच इंग्लंडचं नाहीच, जर्मनी-फ्रान्सकडचं आहे हेसुद्धा मला माहीत नव्हतं. ह्या पुस्तकातल्या गोष्टी तसल्या नाहीत. ह्या गोष्टींना पत्ता असतो. अमक्या गावाच्या उत्तरेला जो डोह आहे त्यातली बाई, तमक्या रस्त्यावरचा कुत्रा, ह्या टेकडीला जो वळसा दिसतो तो कशामुळे. आपल्याकडं माळावर एखादा शेंदूर फासलेला दगड असतो आणि गावातलं शेंबडं पोरसुद्धा सांगतं की हा म्हसोबा इथं का बसला, अगदी तसं.

माझ्या सासूबाई अक्कलकोट तालुक्यातल्या एका खेड्यातल्या. शाळा चौथीपर्यंत, पण गोष्टी पोतंभर. रात्री जेवणं झाली की त्या चटणीसाठी शेंगदाणे निवडत बसतात, मी पुस्तकातनं एक गोष्ट वाचते आणि मराठीत सांगते, पोरगा मधे लोळत असतो. पहिल्याच आठवड्यात एक गंमत लक्षात आली की मी गोष्ट अर्ध्यावर आणली की आई (सासूबाईंना मी आईच म्हणते) दाणे निवडायचे थांबवतात आणि म्हणतात, "ही आमच्यात पण हाय." आणि मग त्यांची सुरू होते.

लँकशायरची जेनी ग्रीनटीथ घ्या. हिरव्या दातांची जेनी. साचलेल्या पाण्यावर बारीक पानांचा हिरवा थर येतो ना, लांबून बघितलं तर गवताची जमीनच वाटते, त्याच्याखाली ही बाई राहते, लांब हात, लांब केस, काठावर गेलेल्या पोराचा पाय धरते आणि ओढते, आणि वरचा हिरवा थर परत मिटतो, काही झालंच नाही असा. मुलांना पाण्यापासून लांब ठेवायला आयांनी सांगितलेली गोष्ट आहे हे उघड आहे, आणि ती भीती बिनबुडाची नाही, कारण त्या थरावर पाय ठेवला तर खरंच माणूस बुडतो. लँकशायरपासून शेजारच्या चेशायर-श्रॉपशायरपर्यंत ती ह्याच नावानं सांगतात आणि वर टीज नदीत तिचीच बहीण शोभेल अशी पेग पाउलर आहे.

आई म्हणाल्या, "साती आसरा." म्हणजे पाण्यातल्या सात देवी. त्यांच्या माहेरच्या विहिरीवर सात दगड होते ओळीत, शेंदूर लावलेले, भर दुपारी बाराला एकट्या पोरीनं विहिरीवर जायचं नाही म्हणजे नाही. पण त्यांनी एक फरक सांगितला जो मला पुस्तक वाचून सुचला नसता. त्या म्हणाल्या, तुमच्या त्या बाईला कुणी काही देत न्हाई का? हळदकुंकू, खण, नारळ? मी पानं चाळून बघितली, नाही, जेनीला कुणी काही देत नाही. तिला फक्त घाबरायचं. आपल्याकडं आसरांना घाबरायचंही आणि त्यांची ओटीही भरायची, म्हणजे त्यांच्याशी बोलणं चालू ठेवायचं. आईंना जेनीबद्दल वाईट वाटलं होतं हे मला त्यांच्या आवाजावरून कळलं. "मग ती वढणारच की," म्हणाल्या.

डेव्हनमधे डार्टमूर नावाचं मोठं ओसाड माळरान आहे, तिथं पिक्सी नावाची छोटी माणसं वाटसरूला रस्ता चुकवतात. ओळखीचं शेत, ओळखीचं फाटक, पण माणूस तिथल्या तिथं गोल गोल फिरतो आणि बाहेर पडायची वाट सापडत नाही. उपाय एकच, अंगातला कोट काढून उलटा करून घालायचा. मी एवढं वाचेपर्यंत पोरगा ओरडला, चकवा! त्याला आईंनी चकवा आधीच सांगितलेला होता. त्यांच्या सासऱ्यांना एकदा बाजारातून परत येताना चकवा लागला आणि ते रात्रभर एकाच बांधावर फिरत राहिले, पहाटे कोंबडा आरवल्यावर बघतात तर घर हाकेच्या अंतरावर. आईंच्या मते चकवा लागला की चालायचं थांबून खाली बसायचं, उजाडू द्यायचं. दुसऱ्या दिवशी चिरंजीव संध्याकाळी ग्राउंडवर टी-शर्ट उलटा घालून गेले आणि सगळ्या टीमला कारण समजावून आले.

काळ्या कुत्र्याची गोष्ट मात्र वेगळ्या जातीची आहे, कारण तिला तारीख आहे. ४ ऑगस्ट १५७७, रविवार, सफोक काउंटीतलं बंगे नावाचं गाव, लोक चर्चमधे प्रार्थनेला जमलेले, बाहेर भयंकर वादळ, आणि विजेच्या कडकडाटात एक काळा कुत्रा आत घुसला, गुडघ्यावर बसलेल्या दोन माणसांच्या मधून गेला आणि दोघं जागच्या जागी मेली. त्याच दिवशी वीसेक किलोमीटरवरच्या ब्लाइथबर्गच्या चर्चमधे पण तेच, तिथंही माणसं गेली. अब्राहम फ्लेमिंग नावाच्या पाद्र्यानं त्याच वर्षी ह्याच्यावर छोटी पुस्तिका छापली म्हणून आपल्याला हे एवढ्या बारकाईनं माहीत आहे. ब्लाइथबर्गच्या चर्चच्या उत्तरेकडच्या दारावर जळल्यासारखे काळे डाग आहेत, लोक म्हणतात ते त्याच्या नखांचे. आम्ही मोबाईलवर त्या दाराचा फोटो शोधून बघितला, मोठा करून करून बघितला, लाकडात खोल काळे ओरखडे आहेत खरे. वीज पडली असणार, हे पोरालासुद्धा कळलं. पण बंगेच्या लोकांनी विजेवर बसलेला काळा कुत्रा आपल्या गावाचं चिन्ह करून टाकला, गावात वाऱ्याची दिशा दाखवणारं जे पातं आहे त्याच्यावरही तोच आहे. ज्याला चारशे वर्षं घाबरले त्यालाच डोक्यावर बसवलं, हे मला फार आवडलं.

आता तक्रार. डरहॅम काउंटीत लॅम्टनच्या अळीची गोष्ट आहे. जमीनदाराचा पोरगा रविवारी देवळात जायचं सोडून वेअर नदीवर मासे धरायला जातो, गळाला एक विचित्र काळा किडा लागतो, तो कंटाळून विहिरीत टाकतो आणि पुढं लढाईला परदेशी निघून जातो. इकडं तो किडा वाढत वाढत एवढा मोठा साप होतो की टेकडीला वेटोळे घालून बसतो आणि रोज नऊ गायींचं दूध मागतो. पोरगा परत येतो, जाणत्या बाईला विचारतो, ती म्हणते चिलखताला भाल्याची पाती लावून नदीच्या मधोमध उभा राहा, आणि जिंकलास तर पहिल्यांदा जो जीव समोर येईल त्याला मारावं लागेल. एवढं वाचलं, पान उलटलं, आणि पुढची चार पानं गायब. रात्री दहा वाजता. पोरगा रडायचा बाकी होता. मी दुकानात जाऊन काकांना दाखवलं, त्यांनी दोन्ही बाजूची पानं बोटानं चाचपून बघितली, शिवणीतनंच निघालीत म्हणाले, माझ्या नजरेतनं सुटलं, आणि मी न मागता त्यांनीच पन्नास रुपये माझ्या हातावर ठेवले. शिवाय वहीत लिहून घेतलं. तीन आठवड्यांनी फोन आला, दुसऱ्या एका इंग्रजी पुस्तकात ती गोष्ट आहे, तेवढी वाचून जा. मी त्या लोखंडी स्टुलावर बसून शेवट वाचला. साप त्या पात्यांवर स्वतःच कापला जातो आणि नदी तुकडे वाहून नेते म्हणून ते परत जुळत नाहीत. ठरलेलं असतं की शिंग वाजलं की कुत्रा सोडायचा, म्हणजे पहिला तो समोर येईल, पण म्हातारा बाप आनंदानं स्वतःच धावत येतो. पोराचा हात उठत नाही, नंतर कुत्रा मारतो पण शब्द मोडलेलाच असतो, आणि नऊ पिढ्या त्या घरातला कर्ता अंथरुणावर मरणार नाही असा शाप लागतो. आमच्या घरी ह्याच्यावर दोन दिवस वाद चालला. आईंचं म्हणणं पोरानं बरोबर केलं, शाप लागू दे. माझंही तेच म्हणणं आहे.

ह्याच्याआधी मी असलंच एक पुस्तक ऑनलाईन मागवलं होतं, त्यात मधली चाळीस पानं कोरी आणि बाकीची झेरॉक्ससारखी पुसट निघाली, आणि रिटर्नसाठी मेसेज करून करून थकले. म्हणून काकांच्या त्या पन्नास रुपयांची मला किंमत आहे.

हसवणाऱ्या गोष्टींत नॉटिंगहॅमशायरचं गोटम हे गाव पहिल्या नंबरावर. गोटमच्या शहाण्यांनी कोकिळेच्या जातीचा तो कुक्कू पक्षी उडून जाऊ नये म्हणून त्याच्याभोवती कुंपण घातलं, का तर तो राहिला की वसंत पण राहील. मग तो वरून उडून गेला तेव्हा म्हणाले, कुंपण कमी उंच झालं. आणि बारा जण मासे धरायला गेले, परत येताना मोजतात तर अकराच, कारण मोजणारा स्वतःला मोजत नाही, मग सगळे मिळून बुडालेल्या भावासाठी रडतात. ही गोष्ट सांगताना आई एकदम सरळ होऊन बसल्या. त्यांनी ही कीर्तनात ऐकलेली, दहा जण नदी उतरून जातात आणि नऊच भरतात, मग वाटेवरचा एक माणूस म्हणतो, अरे दहावा तूच. वेदान्तात ती 'दशमस्त्वमसि' म्हणून सांगतात. तिकडं हसायला आणि इकडं ब्रह्मज्ञानाला, गोष्ट मात्र तीच, आणि ही कशी कुठून कुठं गेली असेल ह्याचा विचार करत मी त्या रात्री बराच वेळ जागी होते. गोटमवाले खरे वेडे नव्हतेच म्हणे. इंग्लंडचा जॉन राजा त्या वाटेनं जाणार होता आणि राजा जिथून गेला तो सरकारी रस्ता होतो असा समज होता, आपली जमीन जाऊ नये म्हणून अख्ख्या गावानं वेडाचं सोंग घेतलं. पोरासाठी बोनस माहिती म्हणजे वॉशिंग्टन आयर्विंग ह्या लेखकानं १८०७ मधे न्यूयॉर्कला चिडवायला हे नाव वापरलं आणि पुढं बॅटमॅनच्या शहराला तेच लागलं, आपण ज्याला गॉथम म्हणतो ते. त्यानंतर आमच्याकडं गोटमची गोष्ट पाच वेळा झाली.

श्रॉपशायरच्या रेकिन टेकडीची गोष्ट पण मस्त आहे, थोडक्यात सांगते. एक राक्षस श्रूजबरी शहरावर चिडून फावडंभर माती घेऊन निघालेला असतो, सेव्हर्न नदी अडवून शहर बुडवायला, वाटेत एक चांभार भेटतो, त्याच्या पाठीवर दुरुस्तीला आणलेल्या जुन्या जोड्यांचं पोतं. राक्षस विचारतो श्रूजबरी किती लांब, चांभार पोतं ओततो, म्हणतो मी तिथूनच निघालोय, बघा एवढे जोडे झिजले. राक्षस माती तिथंच टाकून परत जातो, ती रेकिन टेकडी, आणि बुटाला लागलेली माती खरवडली ती शेजारची छोटी टेकडी. लढाई नाही, शस्त्र नाही, फाटके जोडे दाखवून गाव वाचवलं.

समरसेटच्या सफरचंदाच्या बागांचं प्रकरण वाचलं ते नेमकं जानेवारीत. इकडं सिद्धेश्वराच्या जत्रेचा गड्डा भरलेला, नंदीध्वजांच्या मिरवणुका चाललेल्या, आणि पुस्तकात लिहिलेलं की १७ जानेवारीला तिकडचे लोक रात्री बागेत जातात, सगळ्यात जुन्या झाडाला गाणं म्हणतात, त्याच्या बुंध्याशी सफरचंदाची दारू ओततात, त्याच दारूत भिजवलेला पाव फांद्यांत ठेवतात रॉबिन पक्ष्यासाठी, आणि मग बंदुकांचे बार काढून वाईट शक्तींना पळवून लावतात. वासेल म्हणतात त्याला. हे वाचून आईंना शेतातली वेळ अमावस्या आठवली नसती तरच नवल. कडब्याची कोप, आत दगडांचे पाच पांडव, भज्जी आणि अंबिल, आणि मग पिकातनं अंबिल शिंपडत फिरायचं, "ओलगे ओलगे सालम पोलगे" म्हणत. आम्ही फ्लॅटमधे राहायला आल्यापासून तेवढं एक सुटलं. पिकाला आधी जेवू घालायचं आणि मग आपण जेवायचं, हे दोन्हीकडं एकच आहे.

पण ज्या गोष्टीसाठी मी हे सगळं लिहायला बसले ती लिंकनशायरची. टिडी मन. ह्या भागातली जमीन पूर्वी सगळी दलदल, अँकोल्म नदीच्या खोऱ्यात पाणीच पाणी, हिवताप, धुकं, आणि त्या पाण्यात टिडी मन राहायचा. तीन वर्षांच्या पोराएवढा, पण पांढरे लांब केस, पांढरी दाढी, करड्या रंगाचा झगा, जरा लंगडत चालणारा, त्याचं हसणं टिटवीच्या जातीच्या पक्ष्यासारखं. तो वाईट नाही. पाणी चढत चढत उंबऱ्याला लागलं की घरातली माणसं अंधारात दाराबाहेर उभं राहून त्याला हाक मारायची, आणि टिटवीसारखा आवाज आला की समजायचं, सकाळपर्यंत पाणी उतरलेलं असायचं. मग १७व्या शतकात जमीन कोरडी करायची टूम निघाली, डच लोक आणले, चर खणले, पाणी समुद्राला काढून दिलं. गोष्टीत ते डच लोक एकेक करून गायब होतात पण काम थांबत नाही. जमीन कोरडी होते. आणि मग गायी आटतात, डुकरं खंगतात, दूध नासतं, घरांची छपरं खाली येतात, लेकरं आयांच्या मांडीवर सुकत जातात. लोकांना हळूहळू कळतं की टिडी मन रागावलाय, त्याचं पाणी नेलं म्हणून. तेव्हा अमावस्येनंतरच्या नव्या चंद्राला संध्याकाळी सगळे जण घरातनं भांडंभर पाणी घेऊन चराच्या काठी येतात, पाणी ओततात आणि म्हणतात, हे घे, पाणी घे, राग सोड. आधी मेलेल्या लेकरांचं रडणं ऐकू येतं, सगळीकडून, आया रडायला लागतात, त्यांच्या गालाला गार इवले हात लागल्यासारखं होतं. आणि मग शांत होतं सगळं, आणि पाण्यावरून टिटवीचा आवाज येतो, हळू, मऊ. त्यानंतर दर नव्या चंद्राला पाणी ओतायची रीत पडली.

मारी क्लोटिल्ड बाल्फर नावाच्या बाईंनी ही गोष्ट एका म्हातारीकडून ऐकून १८९१ मधे छापली, आणि ती म्हातारी लहानपणी स्वतः पाणी ओतायला गेलेली होती. बाल्फरबाईंनी गोष्टी थोड्या सजवल्या का ह्यावर अभ्यासकांत वाद झालेले आहेत, ते मी वाचलं. पण ती गोष्ट वाचताना माझा आवाज बसला हे खरं आहे.

आम्हाला सोलापुरात पाणी चार-पाच दिवसाआड येतं. ज्या दिवशी ही गोष्ट वाचली त्या दिवशी पण नळाला पाणी नव्हतं, बाथरूममधे भरून ठेवलेली पिंपं, स्वयंपाकघरात कळशीवर कळशी. ते लोक पाणी जास्त झालं म्हणून काढून टाकतात आणि मग तेच पाणी भांड्यानं परत द्यायला जातात, हे मला आधी नीट पचेना. आई बराच वेळ गप्प होत्या. मग म्हणाल्या की त्यांच्या आईचं माहेर करमाळ्याकडं, भीमेच्या काठाला, उजनी धरणात गेलं. आईंचं तेव्हा लग्न झालेलं होतं. गाव उठलं तेव्हा माणसांनी घराची दारं, चौकटी, वासे काढून नेले, गावातले देव वाजतगाजत वर आणले, नवीन जागी बसवले. "देव आणले वर," म्हणाल्या, "पण हिरीवरच्या आसरा तिथंच ऱ्हायल्या. त्या पाण्याच्याच, त्यांना कोण वर आणणार." उन्हाळ्यात पाणी खाली गेलं की पळसदेवचं जुनं पळसनाथाचं देऊळ उघडं पडतं, ते बघायला लोक जातात, आम्ही पण गेलोय दोनदा. आई त्या वेळी काठावर बसून होत्या, देवळाकडं आल्याच नाहीत, आणि मी समजले होते की त्यांना ऊन सहन झालं नाही.

एवढं सगळं एका १८० रुपयांच्या पुस्तकातनं निघालं, म्हणून म्हणते की घ्या असली पुस्तकं आणि घरातल्या म्हाताऱ्या माणसासमोर वाचा, एकट्यानं वाचू नका. आणि पुढं जाऊन वाचायचं असेल तर जोसेफ जेकब्स यांनी १८९० मधे जमवलेल्या इंग्लंडच्या कथा नेटवर फुकट मिळतात, फोकलोर म्हणजे लोकसाहित्य, हा शब्दच मुळात १८४६ मधे विल्यम थॉम्स ह्या गृहस्थांनी बनवला आणि लंडनची फोकलोर सोसायटी १८७८ ची. मला ह्यात एक गोष्ट कायम टोचते. मुंबईच्या गव्हर्नरची मुलगी मेरी फ्रेअर हिनं आपल्या दख्खनच्या गोष्टी अॅना डिसूझा ह्या आयाकडून ऐकून १८६८ मधेच लंडनला छापल्या. म्हणजे आपल्या आज्यांच्या गोष्टी तिकडं दीडशे वर्षांपूर्वी पोचल्या. माझ्या सासूबाईंच्या मात्र अजून कुणी लिहून घेतलेल्या नाहीत. मी आता वही केली आहे.

पुस्तकाच्या अडचणी पण सांगते. अक्षर बारीक आहे, चाळिशीनंतर चष्म्याशिवाय जमणार नाही. काही गोष्टी त्या त्या भागाच्या बोलीत छापल्यात, लिंकनशायरची बोली तर मी मोठ्यानं वाचल्यावरच कळली, तेव्हा इंग्रजी मीडियममधे शिकलेल्या पोरांना पण सोपं जाईल असं समजू नका. रंगीत चित्रं एकही नाही. लहान मुलांना थेट हातात द्यायचं पुस्तक नाही हे, मोठ्यांनी वाचून सांगायचं आहे, आणि काळा कुत्रा व टिडी मन ह्या दोन गोष्टी झोपायच्या आधी सांगू नका.

दुकानाच्या अडचणी म्हणजे धूळ. दमा असेल तर मास्क लावून जा. दुपारी दोन ते पाच बंद असतं, सोमवारी पूर्ण बंद. गाडी बोळात लावू नका, टेलरचं गिऱ्हाईक अडतं, मेन रोडला लावून चालत या. गुगल पे चालतं पण आत रेंज नसते, पायऱ्या चढून वर येऊन करावं लागतं, काका विश्वासानं पुस्तक हातात देतात आणि खाली थांबतात. विषयावार लावलेलं काही नाही, पण काकांना विचारलं तर कुठल्या रॅकच्या कितव्या थरात काय आहे ते डोळे मिटून सांगतात. त्यांना नुसतं "इंग्रजी गोष्टी" सांगू नका, "खेड्यातल्या जुन्या गोष्टी, नकाशे असलेल्या" असं सांगा, त्यांच्या लक्षात राहतं.

मी पाचपैकी साडेचार स्टार देते, अर्धा त्या चार पानांसाठी कापला. पुस्तक परत देऊन अर्धे पैसे घ्यायचे नाहीत हे घरात ठरलं आहे. शेवटची कॉर्नवॉलची पानं कधीतरी भिजून एकमेकांना चिकटलीत, काकांनी सांगितलंय की चहाच्या किटलीची वाफ द्या आणि स्टीलच्या पट्टीनं अगदी हळू सोडवा, घाई करू नका. आत्तापर्यंत सहा पानं सुटली. त्यात झेनॉर गावच्या चर्चमधली मत्स्यकन्या आहे, बाकावर कोरलेली, हातात फणी आणि आरसा, आणि तिच्या मागं समुद्रात गेलेला गाणारा पोरगा. पुढचं पान अजून चिकटलेलं आहे.